बोल्टांवरचा रंग

"अगं, एवढंसं काय आणलंस? तेल काढायचंय, कानात घालायचं औषध नाही!" मिस्त्री गाडीखालून ओरडले.

बायकोने हातातलं पातेलं आत नेऊन ठेवलं आणि मोरीतला प्लॅस्टिकचा टब घेऊन आली. याच टबात त्यांच्या दोन्ही मुलींच्या आंघोळी झाल्या होत्या. मुली आपापल्या घरी गेल्या, टब मागे राहिला. तिने तो पायाने गाडीखाली सरकवला.

"पुढे. अजून पुढे. बास."

घरापुढच्या सिमेंटच्या तुकड्यावर गाडी पुढून उचलून ठेवली होती, खाली दोन लोखंडी घोड्या. नुसत्या जॅकच्या भरवशावर मिस्त्री जन्मात कधी गाडीखाली गेले नव्हते. जॅक हा जावयासारखा, कधी रुसून बसेल नेम नाही, असं ते गॅरेजातल्या पोरांना सांगत.

गॅरेज त्यांचं होतं. म्हणजे दोघा भावांचं. लोक यांना थोरले मिस्त्री म्हणत आणि भावाला धाकटे. पाना कसा धरायचा इथपासून सगळं थोरल्यांनी धाकट्याला शिकवलं, आणि दीड वर्षापूर्वी त्याच धाकट्याने एका संध्याकाळी शटर ओढता ओढता म्हटलं, "दादा, उद्यापासून तू घरी आराम कर. तुझा वाटा घरपोच येईल." मिस्त्रींचा उजवा हात त्याआधीपासून थरथरत होता. जरासा. सकाळी जास्त, दुपारी कमी. तेवढ्यावरून बोभाटा करायचं काही कारण नव्हतं, असं त्यांचं स्वतःचं मत. दुधातली माशी काढावी तसं सख्ख्या भावाने काढलं, हे ते भेटेल त्याला सांगत. भावाशी मात्र बोलत नव्हते.

आणि आता त्यांच्याच गाडीचं इंजिन टकटक करू लागलं होतं, तेलाचा लाल दिवाही लागत होता. खरं सांगायचं तर मिस्त्रींना आतून आनंद झाला होता. गॅरेजात दोघांनी मिळून खोललेलं हे शेवटचं इंजिन. आतलं बेअरिंग धाकट्याने बसवलं होतं आणि चेंबर, म्हणजे इंजिनाच्या तळाशी तेल साठतं ते पात्र, थोरल्यांनी बंद केलं होतं. बेअरिंग झिजलं की त्याचा कीस चेंबरमध्ये उतरतो. तो कीस कागदाच्या पुडीत बांधायचा, गॅरेजात जायचं आणि गिऱ्हाइकांदेखत धाकट्याच्या टेबलावर पुडी सोडायची. 'थरथरत्या हाताने झाकलं ते शाबूत आहे. धड हाताने बसवलं त्याचं हे बघ. आता माझे पाने मला परत दे.' वाक्यं पाठ होती. आरशासमोर एकदा म्हणूनही झाली होती.

"पोस्टमार्टेम सुरू झालं वाटतं?" शेजारच्या पेन्शनरांनी कुंपणापलीकडे स्टूल मांडलं. निवृत्त झाल्यापासून दुसऱ्याचं काम बघणं हेच त्यांचं काम होतं.

"बसा. आज आमच्या बंधुराजांची कला दाखवतो तुम्हाला."

मिस्त्रींनी तळाचा ड्रेन बोल्ट सोडायला घेतला. बोल्ट अडत, करकरत, कुरकुरत बाहेर आला. हाताला काहीतरी कळलं होतं, पण माणूस आपल्याला हवं तेच ऐकतो. तेल आलं ते निम्म्यानेच. काळी धार टबात पडली आणि लगेच बारीक झाली.

"पाहिलंत? इंजिन तेल खातंय!" ते जवळजवळ हर्षाने म्हणाले. गाडीखाली पडलेला तेलाचा डाग त्यांनी महिनाभर पाहिला होता, पण तोही धाकट्याच्याच नावावर मांडून टाकला होता.

मग चेंबरचे बोल्ट. त्यांच्यावर मळ आणि तेलाचा थर इतका जाड बसला होता की डोकी चाचपून शोधावी लागली. एकेक बोल्ट सैल होऊन वाडग्यात पडत होता. दोनतीनदा पान्याच्या टोकाची गोटी बोल्टावर बसेना, हात नको तिथे जाई. तेव्हा मिस्त्री डाव्या हाताने उजवं मनगट धरत आणि गाडीखाली आपल्याला कोणी बघत नाही याबद्दल देवाचे आभार मानत. कोपऱ्यांतले बोल्ट त्यांनी शेवटी ठेवले. ही त्यांचीच शिकवण. आधी कोपरे काढले तर चेंबर तोंडावर येतं.

बोल्ट निघाले तरी चेंबर जागचं हलेना. कडेला लावलेल्या पेस्टने घट्ट धरून ठेवलं होतं. मिस्त्रींनी पातळ पातं फटीत सारलं, लाकडी हातोडीने हळूहळू ठोकत सगळ्या बाजूंनी फिरवलं, आणि चेंबर सुटून त्यांच्या छातीवर आलं. उरलेलं तेल सदऱ्यावर सांडलं.

"सदरा गेला," बायको म्हणाली.

"सदऱ्याचं काय घेऊन बसलीस! लोहचुंबक दे."

ते चेंबर घेऊन बाहेर सरकले, पायरीवर बसले, चष्मा पुसला. तळाशी राहिलेल्या तेलातून लोहचुंबक फिरवला. काही नाही. बोटांच्या चिमटीत तेल घेऊन चोळलं. लोण्यासारखं मऊ. पांढऱ्या फडक्यावर ओतून उन्हात धरलं, एकही चमक नाही. पुन्हा गाडीखाली गेले. तेल ओढणाऱ्या पंपाची जाळी स्वच्छ होती. वर हात घालून त्यांनी इंजिनाचा फिरता दांडा हलवून पाहिला. धाकट्याने बसवलेलं बेअरिंग तसूभरही हललं नाही.

"सापडला का कीस?" पेन्शनरांनी विचारलं.

मिस्त्रींनी फडकं उलटून पुन्हा उन्हात धरलं. पाठ केलेली वाक्यं वाया गेली होती. बायकोने चहा आणून दिला. नेहमीसारखा अर्धा कप. "दूध कमी होतं," ती म्हणाली. हेही नेहमीचंच.

चहा पिता पिता त्यांची नजर चेंबरच्या कडेवर गेली आणि त्यांचा चेहरा उजळला. जुन्या पेस्टची रेघ. सगळीकडे एकसारखी, बारीक, कुठे फुगवटा नाही, आत ओघळ नाही, कोपऱ्यावर वळलीय तीसुद्धा कळू न देता.

"अगं, इकडे ये. अहो, तुम्हीपण या. ही रेघ बघा." त्यांनी चेंबर आडवं धरलं. "याला म्हणतात हात! पेस्ट जास्त झाली की आत गळते, जाळीत अडकते, इंजिन उपाशी मरतं. कमी झाली की तेल पाझरतं. अशी रेघ ओढायला उभा जन्म जातो. आणि हे काम करणाऱ्याला म्हणे घरी आराम कर!"

"वा," पेन्शनर कुंपणावरून वाकून म्हणाले. "रेघ म्हणजे रेघ आहे."

बायको उठून आलीच नव्हती. वाडग्यात रॉकेल ओतून ती बोल्ट धुवायला बसली होती. हे काम तिचं ठरलेलं नव्हतं, पण आज तिने ते आपणहून घेतलं होतं. एकेक बोल्ट उचलून ती तारेच्या ब्रशने घासत होती. फार घासत होती. कपड्यावरचा डाग जाईना की बायका घासतात तशी.

"अगं, चांदीची भांडी आहेत का ती? मळ गेला की बस."

"निघत नाहीये."

मिस्त्रींनी वाकून एक बोल्ट उचलला. मळ कधीच निघाला होता. ती रंग घासत होती.

गॅरेजात एक नियम होता, आणि तोही त्यांनीच घातलेला. बोल्ट पुरा आवळला की त्याच्या डोक्यावरून शेजारच्या पत्र्यापर्यंत रंगाची एक रेघ मारायची. थोरल्याची पिवळी, धाकट्याची पांढरी. गाडी तक्रार घेऊन परत आली तर कोणाचे कान धरायचे ते कळावं म्हणून. वाडग्यातल्या प्रत्येक बोल्टावर पिवळा रंग होता, वेडावाकडा, फराटा ओढल्यासारखा. आणि प्रत्येक पिवळ्यावरून एक सरळ पांढरी रेघ गेली होती.

मिस्त्रींनी दुसरा बोल्ट पाहिला. तिसरा पाहिला. मग चेंबरची कड फडक्याने पुसून उन्हात धरली. प्रत्येक भोकाशेजारी पिवळा डाग, आणि त्याच्या उरावर पांढरा.

आता त्यांना तो दिवस आठवला. चेंबर बंद करताना पेस्ट तीनदा पुसून पुन्हा लावावी लागली होती. चौथ्यांदा जशी आली तशी दाबून टाकली होती. ती रेघ अशी नव्हतीच.

"तुला माहीत होतं," ते बायकोला हळू आवाजात म्हणाले.

"मला काय माहीत असणार?"

"मग पांढरा रंग का घासत होतीस?"

तिने ब्रश खाली ठेवला. "भावजी बोलले होते. तेव्हाच. तुम्ही घरी आलात की ते मागे थांबायचे आणि तुम्ही केलेलं..."

"बोल की."

"परत खोलायचे. आणि परत बसवायचे."

"या गाडीचं?"

"सगळ्याच गाड्यांचं. वर्षभर तरी. मला म्हणाले, वहिनी, दादाला कळू देऊ नका."

मिस्त्रींना राग आला, पण तो ठेवायला जागा सापडेना. भावाने चोर म्हणून हाकललं असतं तरी परवडलं असतं. वर्षभर ते रोज डबा घेऊन कामावर जात होते, घरी येऊन पाठ दुखते म्हणून बायकोकडून तेल चोळून घेत होते, आणि ते काम नव्हतंच. आई भाकऱ्या थापत असताना मध्ये मध्ये करणाऱ्या पोराला पिठाचा गोळा देते, पोर मोठ्या ऐटीत थापतं, आणि मग आई तो गुपचूप मोडून पुन्हा मळते. तसं.

त्यांनी पायरीवरचा कप उचलला. "मला चहा अर्धाच का देतेस गं?"

"सांगितलं ना, दूध..."

"रोजच कमी असतं होय दूध?"

ती उठून आत गेली.

कुंपणापलीकडे पेन्शनरांना नवरा-बायकोचं कुजबुजणं ऐकू आलं नव्हतं. "मग, निदान काय निघालं डॉक्टर?" त्यांनी विचारलं.

मिस्त्रींनी ड्रेन बोल्ट शोधून डोळ्यांपुढे धरला. एका बाजूचे आटे चिरडून गेले होते. तिरका घातला होता आणि तसाच रेटला होता. नवशिक्या पोराने ही चूक केली तर ते त्याला पानाच फेकून मारत.

"हा वाकडा बसवलेला होता. इथून तेल गळत राहिलं. कमी तेलावर इंजिन टकटकणारच."

"धाकट्याने बसवलेला ना?"

हो म्हणायला काहीच लागत नव्हतं. पेन्शनर वाटच बघत होते.

"नाही," मिस्त्री म्हणाले. "दोन महिन्यांखाली तेल मीच बदललं. इथेच, घरी."

"म्हणजे डोंगर पोखरून उंदीर!"

"उंदीरही आमचाच."

पेन्शनरांना यावर हसावं की नाही ते कळेना. ते स्टूल घेऊन आत गेले.

मिस्त्रींनी चेंबरची कड खरवडून साफ केली. पेस्टची नळी उघडली आणि रेघ ओढायला घेतली. पहिल्या कोपऱ्यापर्यंत पोचण्याआधीच ती नागमोडी झाली. पुसली. मनगट धरून पुन्हा ओढली. पुन्हा पुसली. मग नळीला झाकण लावून त्यांनी दाराकडे तोंड केलं.

"त्याला फोन कर."

"काय सांगू?"

"सांग, दादा म्हणतो ये. येताना जाड ड्रेन बोल्ट आण."

धाकटा ऊन उतरताना आला. अंगावर कामाचेच कपडे होते. त्याने वाडग्यातले धुतलेले बोल्ट पाहिले, वहिनीकडे पाहिलं आणि समजायचं ते समजला. दादाशेजारी पायरीवर न बसता तो उकिडवा जमिनीवर बसला. चेंबरच्या भोकात नवे आटे पाडले, जाड बोल्ट बसवून पाहिला. मग पेस्टची नळी घेतली आणि एका दमात सबंध कडेने रेघ ओढली. मिस्त्री बघत राहिले. आधी लांबची बाजू, कोपऱ्यावर श्वास रोखायचा, नळी उचलताना मनगट जरासं वळवायचं. सगळं त्यांचंच होतं, फक्त आता त्यांच्याकडे नव्हतं.

धाकटा चेंबर घेऊन गाडीखाली गेला. मिस्त्री बाहेर बसून एकेक बोल्ट त्याच्या हातात देऊ लागले. खालून तळवा पुढे यायचा आणि बोल्ट येईपर्यंत तसाच थांबून राहायचा. घाई करायचा नाही. मिस्त्रींना त्याचाही राग आला.

"सांगितलं का नाहीस?" त्यांनी विचारलं.

"सांगितलं असतं तर ऐकलं असतंस?"

"नसतं ऐकलं."

"मग?"

"मग चालू द्यायचं होतंस तसंच."

खाली पाना थांबला. "दिवसा माझं काम, संध्याकाळी तुझं. पाठ गेली माझी, दादा. आणि तू चारचौघांत सांगायचास, धाकट्याला काम उरकत नाही, उशिरापर्यंत बसतो."

हे खरं होतं. मिस्त्री असं सांगत असत. हसून सांगत असत.

"गिऱ्हाइकं काय म्हणायची?"

"जाऊ दे ना."

"सांग."

"गाडी टाकताना हळूच विचारायची, थोरल्यांच्या हातात देणार नाही ना म्हणून."

वाडगा रिकामा झाला. आत बायकोने दिवा लावला होता, तिची सावली दारात येऊन उभी राहिली आणि परत गेली. गाडीखाली शेवटचा बोल्ट आवळल्याचा आवाज आला आणि तळवा पुन्हा बाहेर आला.

"रंग दे, दादा. तुझी बाटली असेल ना पेटीत? पिवळी."

बाटली पेटीत होती, हाताशीच. मिस्त्रींनी तिच्याकडे पाहिलं.

"तुझी कुठे आहे?"

"पिशवीत आहे, पण राहू दे. पिवळाच लावतो. गाडी तुझी आहे."

मिस्त्रींनी भावाची पिशवी ओढून घेतली. आतून पांढरी बाटली काढली. झाकण उघडून द्यावं म्हणून त्यांनी पाहिलं, पण ते काही त्यांच्याने फिरेना. मग बंद बाटलीच दोन्ही हातांनी धरून त्यांनी धाकट्याच्या तळव्यावर ठेवली.

"पांढरा लाव," ते म्हणाले. "काम तुझं आहे."

तळवा क्षणभर तसाच उघडा राहिला. मग बोटं मिटली आणि हात गाडीखाली गेला.