हार्लन डॉसनच्या शेजारी

आधीच सांगून टाकते, चूक माझी आहे. स्मिता म्हणते घाईमुळे झालं, सुजीत म्हणतो कुणाकडूनही झालं असतं. दोघं मला सांभाळून घेतात आणि मला त्याचाच जास्त राग येतो.

आमचं काम असं की अमेरिकन लोकांना पूर्वज शोधून द्यायचे. दोनशे वर्षांपूर्वी बैलगाड्या घेऊन, जंगल तोडत जी पहिली कुटुंबं ओहायोकडे सरकली, त्यांतल्या कुणाचे आपण, हे या लोकांना कागदानिशी हवं असतं. जुन्या जनगणना, चर्चची रजिस्टरं, मृत्युपत्रं, सगळं स्क्रीनवर मिळतं. ऑफिस स्मिताचं. मी तिच्यासाठी इथे आखातात, इंटरनॅशनल सिटीतल्या आमच्या फ्लॅटमध्ये डायनिंग टेबलावर बसून बाप, त्याचा बाप, त्याचा बाप असं मागे मागे जायचे. सुरुवातीला मला हसूच यायचं. आमच्याकडे श्राद्धाला तीन पिढ्यांची नावं घ्यायची, तर तिसऱ्या नावाला सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघतात. आणि हे आठव्या पिढीच्या बैलाचा रंग विचारणार.

मिस्टर डॉसनचं काम आलं तेव्हा मला नोकरीला लागून तीन महिने झाले होते. ते अल ऐनला युनिव्हर्सिटीत शिकवायचे, वय अडुसष्ट. त्यांची एकुलती एक मुलगी ग्रेस तिथल्याच हॉस्पिटलमध्ये वारली होती. बायकोनं केव्हाच दुसरा संसार थाटलेला. वडील सैन्यात असल्यामुळे लहानपणी दर दोन वर्षांनी नवं गाव. माझं म्हणावं असं गावच नाही, म्हणाले. मुलीला कुठेतरी परक्यांत ठेवायचं नाही, आपल्या माणसांत ठेवायचं, एवढंच त्यांना हवं होतं. हाताशी एकच नाव होतं. पणजोबांचे वडील, एमोस हार्लन डॉसन, जन्म १८११, ओहायो.

आता मी विनिता सुजीत पेठे. माझा मुलगा निनाद सुजीत पेठे. पोराचं मधलं नाव म्हणजे बाप, यात विचार कसला करायचा? एमोस हार्लन म्हणजे हार्लनचा एमोस. आणि बोलाफुलाला गाठ पडावी तसा हार्लन डॉसन नावाचा माणूस त्या भागात होताही. तिथे पहिल्यांदा वस्ती केलेल्या सात कुटुंबांपैकी एक. वयही जुळत होतं. त्या सात कुटुंबांची एका टेकडीवर जुनी दफनभूमी आहे. फक्त त्यांच्या वंशजांनाच तिथे जागा मिळते, कमिटी कागद बघितल्याशिवाय कुणाला आत घेत नाही.

ग्रेस शवागारात होती आणि तिचे वडील रोज संध्याकाळी फोन करून काही सापडलं का विचारायचे. चार दिवसांत मी साखळी जुळवली, ती खरी असल्याच्या शपथपत्रावर सही केली. स्मितानं तपासलं. तीही स्मिता शैलेंद्र, तिलाही काही खटकलं नाही.

कमिटीनं होकार दिला. ग्रेसला हार्लन डॉसनच्या शेजारी पुरलं. मिस्टर डॉसननी फोटो पाठवला, खाली लिहिलं होतं, ती आता घरी आहे. मी रडले, आणि खोटं कशाला बोलू, मला माझा फार अभिमान वाटला. सुजीतला, शेजारच्या मरियमबींना, सगळ्यांना तो फोटो दाखवला.

पुढे फेब्रुवारीत निनाद शाळेचा कसलासा फॉर्म भरत होता. त्यानं नुसतं निनाद पेठे लिहिलं. मी ओरडले, बाबाचं नाव कोण लिहिणार? वर न बघता म्हणतो, "आई, मिडल नेम डझन्ट हॅव टू बी युवर डॅड. आमच्या वर्गातल्या रायनचं तर त्याच्या ग्रॅनीचं सरनेम आहे."

आमटीखालचा गॅस बंद करून मी लॅपटॉप उघडला.

दोन दिवसांत सगळं समोर आलं. हार्लन डॉसनचं मृत्युपत्र मिळालं. त्यात चार मुली, एक पुतण्या, एमोस नाहीच. तो शेजारच्या काउंटीतला निघाला. बाप पिंपं बनवणारा कुणी गरीब डॉसन, आई फीबी, माहेरची हार्लन. आईचं आडनाव पोराच्या नावात घातलेलं, बस. त्यांच्या कबरींवर लाकडी फळ्या होत्या, त्या कुजल्या. जमीन नांगरली गेली. आज तिथे मका आहे.

त्याच आठवड्यात मिस्टर डॉसनचा मेल आला. जूनमध्ये रिटायर होतोय, ग्रेसच्या शेजारची जागा स्वतःसाठी घ्यायचीय. कमिटीला दर माणसामागे वेगळं शपथपत्र लागतं, तेवढं करून द्या.

स्मिता म्हणाली, खलास, सही कर आणि विसरून जा, दोनशे वर्षांपूर्वीची भानगड उकरायला कोण बसलंय. सुजीत म्हणाला, सांगायचं असेल तर फोनवर नको. शनिवारी त्यानं मला अल ऐनला नेलं आणि स्वतः खाली गाडीत थांबला.

घरात खोकी भरून ठेवलेली होती. मिस्टर डॉसननी चहा विचारला, मी नको म्हटलं आणि उभ्याउभ्याच सगळं सांगून टाकलं. आमची नावं कशी असतात तेही सांगितलं, आणि सांगताना ते इतकं फालतू वाटलं की मलाच माझी किळस आली. कमिटीला मी स्वतः कळवते म्हटलं. ग्रेसला हलवायचं असेल तर तो खर्च, ती धावपळ, सगळं मी बघते म्हटलं. कुठे हलवणार, ते मात्र मला सांगता येईना.

त्यांनी एकच विचारलं.

"म्हणजे तिथे तिचं कुणीच नाही?"

"नाही," मी म्हटलं.

ते आत गेले आणि शपथपत्राचा कोरा कागद घेऊन आले. मला वाटलं, फाडतील. त्यांनी तो टेबलावर माझ्यासमोर ठेवला.

मी म्हटलं, सर, तेव्हा मला माहीत नव्हतं. आता माहीत आहे. आता हे धडधडीत खोटं होईल.

"तिला त्या लोकांत मीच नेऊन ठेवलंय," ते म्हणाले. "एकटी आहे ती तिथे. मला जायलाच हवं. सही करा."

मी बसले. त्यांचं नाव लिहिलं, वडिलांचं, आजोबांचं, पणजोबांचं, मग एमोस. एमोसच्या वरच्या ओळीत, बापाच्या जागी, हार्लन डॉसन लिहिलं आणि खाली सही केली. त्यांनी कागद नीट वाचून घेतला आणि माझे आभार मानले. त्या आभारांची मला अजून लाज वाटते.