नाव, गाव, काम

चहाच्या टपरीमागे सोमा इस्त्रीचा शर्ट काढायला लागला आणि नाक्यावर कॅमेरा दिसताच त्यानं उघडलेली बटणं घाईघाईनं पुन्हा लावली.

कॅम्प दोनच्या या नाक्यावर सकाळी बिगारी कामाची वाट बघत उभे राहत. अंबरनाथची कंपनी बंद पडल्यापासून सोमाही त्यांच्यातच होता. घरी बायकोला, गयाबाईला मात्र दुसरी कंपनी लागल्याचं त्यानं ठोकून दिलं होतं. म्हणून घरून ऐटीत निघायचं आणि टपरीमागे मळके कपडे चढवायचे, हे नाक्यावर सगळ्यांना ठाऊक होतं. आज नेमकी मीनल नावाची मुंबईची बाई टीव्हीसाठी मजुरांची फिल्म काढायला आली होती. तिनं सोमापुढे माईक धरला.

"तुम्ही रोज इथे उभे राहता?"

"मी? छे! मी यांच्यातला नाही. कंपनीत आहे. चहाला थांबलो."

बाजूचे बिगारी ऐकत होते. कोणी हसलं नाही, तेच त्याला जास्त लागलं.

तेवढ्यात ठेकेदार शेठचा टेम्पो आला.

"ए सोमा! स्लॅब का काम है, चल, बैठ!"

कॅमेरा पुन्हा सोमाकडे वळला.

"बाई, माझं घ्या की!" जालन्याकडचा म्हातारा कोंडाजी मधे घुसला. "मी कोंडाजी रामा साळवे. नाक्यावर बिगारी काम करतो."

मग काय, त्यानं गावाचं नाव सांगितलं, घमेलं डोक्यावर घेऊन दाखवलं, काम न मिळाल्यावर उपाशी कसं झोपतात तेही सांगितलं. सोमा मनात चरफडला. या माणसाला काही लाजबीज आहे की नाही?

मीनल खूश होऊन गेली. शेठ हॉर्न वाजवतच होता. सोमा मान खाली घालून टेम्पोत चढला. आधीच चढलेल्या कोंडाजीनं सरकून त्याला जागा दिली.

टेम्पो सुटल्यावर कोंडाजी हळूच म्हणाला, "हे गावाकडंबी दिसंल का रं?"

"दिसेल. का?"

"लेकीच्या सासरी औंदा टीव्ही घेतलाय. सोयरीक जमवताना मी कंपनीत हाय म्हणून सांगितलं व्हतं."

सोमाला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"मग कशाला बोललास सगळं?"

"तुझी बायको हितंच ऱ्हाती," कोंडाजी म्हणाला. "माझं गाव लांब हाय."