आसऱ्यावरचा शेंदूर

मी एक जुना आसरा आहे. होटगीच्या अलीकडं, डांबरी रस्त्याला लागून, काळ्या दगडाचा. एकच खोली, खिडकी नाही, पुढं दगडी दार. मित्रांनो, आपल्या मुलखात माझ्यासारख्या जाणत्या वास्तू पूर्वी पुष्कळ होत्या. सात रस्त्याच्या चौकात माझा एक भाऊ होता, खांब. त्याला हात लावून गावाचं नाव घेतलं की तो त्या वाटेकडं वळायचा. ट्रकवाल्यांनी धडका देऊन देऊन त्याचा जीव घेतला, मेल्यांनी!

मला बांधलं तेव्हा गावंच्या गावं कापली जात होती. पाथरवटांनी ओल्या चुन्यात तळहात दाबले आणि मला दोनच गोष्टी शिकवल्या. जीव वाचवायला आलेल्याचा तळहात टेकला की दार उघडायचं. घाव बसला की तो ज्याचा त्याला परत करायचा. बस्स! बायापोरं धावत यायची, हात टेकायची, आत शिरायची. मागून तलवारी यायच्या. दारावर वार केला की करणाऱ्याचंच मनगट तुटून पडायचं. भाला मारणारा स्वतःच्याच भाल्यावर टांगला जायचा. उंबऱ्यापुढं रक्ताचा चिखल व्हायचा आणि मला त्याचं काडीचंही वाईट वाटायचं नाही. आतली माणसं सकाळी जिवंत बाहेर पडायची आणि जाताना मला कुरवाळून जायची. ते मला फार आवडायचं.

पुढं लढाया संपल्या. लोक माझं काम विसरले, नाव तेवढं राहिलं. आणि त्या नावानंच माझा घात केला!

आसरा म्हणजे आधार. पण आपल्याकडं विहिरीत, डोहात राहणाऱ्या सात देवतांनाही आसराच म्हणतात. कुणीतरी दीडशहाणा म्हणाला, "ह्यो आसरा न्हाय, ही आसरा हाय! पाण्यातली!" झालं. एवढा मी बाप्या दगड, मला बाई केलं! भोवती पाण्याचा टिपूस नाही, पण विचार कोण करतो? हळदीकुंकू आलं, हिरव्या बांगड्या आल्या, खण आला. मग नवस फेडायला नागप्पा आला आणि त्यानं माझ्या दारावर नारळ हाणला. माझ्या लेखी घाव तो घाव. मी तो परत केला. नागप्पाचे पुढचे दात घशात गेले.

"आसरा कोपली!" म्हणत गाव पळालं. तेव्हापासून मला शिवायचं नाही असं ठरलं. लांब काठीला कुंचा बांधून तेलातला शेंदूर थापायचे. थरावर थर चढला. ऊन कळेना, पाऊस कळेना. माणसाचा हात कसा असतो तेही मी विसरत चाललो.

माझ्यामागच्या रानात बजाबाई राबायची. नवरा जोतीराम वारल्यावर तिनं एकटीनं तूर पेरली होती. ते रान तिचा दीर अभिमन्यू याला हवं होतं आणि ती देत नव्हती. गेल्या वर्षी एका दुपारी तो कुऱ्हाड घेऊनच आला. पहिला वार तिच्या खांद्यावर बसला. ती रक्त गाळत धावली ती माझ्याकडं. तिनं दारावर हात टेकला.

मला तो कळलाच नाही!

"दार उघड की रं!" म्हणून तिनं मूठ आपटली. ती मात्र कळली. घाव परत गेला आणि तिचं मनगट कडकन मोडलं. आग लागो त्या शेंदराला!

समोर हुसेनसाबचं पंक्चरचं दुकान आहे. त्याच्या पणजीची पणजी माझ्या पोटात लपून वाचली होती, त्यामुळं मी कोण हे त्याला ठाऊक होतं आणि त्यानंच ते बजाबाईला सांगितलं होतं. ट्यूब घासायची कानस घेऊन म्हातारा धावत आला. "मारू नगं, पोरी! शेंदरानं बहिरा झालाय त्यो," म्हणाला आणि दार घासायला लागला.

अभिमन्यू पोचला. "चाचा, बाजूला व्हा. घरातली भानगड हाय."

"घरातली हाय तर कुऱ्हाड कशाला?" हुसेनसाबनं मागं वळूनही पाहिलं नाही. तो घासतच राहिला.

कुऱ्हाड त्याच्या पाठीत शिरली. तळहाताएवढा दगड मोकळा झाला होता. पडता पडता त्यानं बजाबाईचा धड हात धरला आणि तिथं दाबला.

कळला! मित्रांनो, किती वर्षांनी मला हात कळला! मी दार उघडलं, ती आत कोसळली, मी दार लावलं. अभिमन्यूनं शिव्या देत दारावर कुऱ्हाड घातली. ती मी त्याच्याच कपाळात परत घातली. तो जागच्या जागी मेला.

मग मोकळ्या दगडाला एक हात लागला, हुसेनसाबचा. मी दार सताड उघडलं. पण आत सरकायला त्याच्यात जीव उरला नव्हता. उंबऱ्यावरच गेला बिचारा. मी दगड असून रडलो.

आणि गाव काय म्हणालं? "आसरेनं दोन बळी घेतले!" पंधरवड्यात सरपंच बापूसाहेब माणसं आणि शेंदराचे डबे घेऊन आले, घासलेली जागा बुजवायला. एक हात प्लास्टरमध्ये असलेली बजाबाई पुढं झाली आणि दुसरा हात त्या जागेवर ठेवून उभी राहिली.

"बाजूला हो, बाई. कोपंल ती."

"न्हाय कोपत त्यो. तुमीच त्याला कुटं काय कळू दिलंय? आदी माज्या हातावर थापा, मग दगडावर!"

त्यांनी खरंच थापला. कोपरापर्यंत शेंदूर ओघळला, पण तिनं हात काढला नाही. सगळे गेल्यावर तिनं तो उचलला. खाली तळहाताएवढा दगड कोराच होता.

आता माझ्याजवळ तेवढीच जागा आहे. बजाबाई जाता-येता तिथं हात टेकते. ती म्हातारी होईल, एक दिवस येणार नाही. मित्रांनो, पाया पडू नका, नारळ आणू नका. नुसता हात लावत जा, तेवढी जागा बुजू देऊ नका. नाहीतर उद्या तुमच्यातलंच कुणी जीव मुठीत धरून धावत येईल, आणि मला फक्त ती मूठ कळेल.