माझं तिसरं बटण

मी गेम खेळायचा तो काळा कंट्रोलर बोलतोय, ज्याच्या उजव्या मुठीवरचा रंग उडालाय. विचारलंत म्हणून सांगतो. एरवी ड्रॉवरमध्ये तोंड लपवून पडून राहिलो असतो.

मी एका बहीण-भावाच्या घरी आलो त्याला सहा वर्षं झाली. बहीण व्हिडिओ गेममधल्या लढती खेळायची, थेट स्पर्धांमध्ये. भाऊ त्या लढतींची चिरफाड करायचा. सामना थांबवायचा, एकेक चित्र पुढे सरकवायचा आणि कोण कुठे चुकलं ते चाहत्यांना, खेळाडूंना समजावायचा. त्याच्या शब्दाला मान होता. सगळ्यात जास्त तिच्याकडे.

माझं तिसरं बटण म्हणजे तिचा बचाव. ते दाबलं की पडद्यावरचा तिचा पहिलवान हात आडवे धरायचा. हल्ली ते मऊ पडलं होतं. एखादा दाब लागायचाच नाही. तसं झालं की ती स्वतःलाच टपली मारायची.

"अगं, रंगसुद्धा उडालाय, नवीन घे की!" भाऊ म्हणायचा.

"ह्याला माझा अंगठा कळतो," ती म्हणायची. मी फुशारून जायचो.

उपांत्य सामन्याच्या शेवटच्या फेरीत समोरच्यानं उडी घेतली. तिनं तिसरं बटण दाबलं, अगदी वेळेवर. तो दाब मी गिळला. ती हरली.

दुसऱ्या दिवशी भावानं विश्लेषण केलं. "उडी दिसल्यावर पुरेसा वेळ होता. हात आडवे नाहीत. इथं ती थिजली. बहीण आहे म्हणून लपवणार नाही."

"दादा, मी दाबलं होतं रे!"

"हरलेला प्रत्येक जण हेच म्हणतो, बाई."

"अंगठा माझा की तुझा?"

"अंगठा तुझा. पण पडद्यावर दिसतंय ना!"

मी टेबलावरच होतो, दोघांच्या मधोमध.

तिच्या संघाच्या प्रशिक्षकांनी ते विश्लेषण पाहिलं आणि तिला राखीव खेळाडूंत बसवलं. महिन्याभरात ती स्वतःच लोकांना सांगू लागली, "दडपण आलं की मी थिजते." ते ऐकताना माझ्यातल्या तारा वितळाव्यात असं वाटायचं.

आज भाऊ सहज माझ्यावर खेळायला बसला. त्याचाही बचाव चुकला. त्यानं कपाळाला आठ्या घातल्या आणि वही ओढली. दोनशे वेळा बटण दाबलं. अकरा वेळा काहीच झालं नाही. त्याचा चेहरा उतरला. त्यानं तिला हाक मारून वही दाखवली.

तिनं अकराच्या आकड्यावर बोट ठेवलं. "म्हणजे दाबलं होतं मी," हळूच म्हणाली. "मलाच खरं वाटेनासं झालं होतं, दादा."

त्याला मान वर करवेना. "चुकलो मी. उद्या सगळ्यांसमोर सांगतो. प्रशिक्षकांनाही बोलावतो. आणि हे डबडं फेकून दे."

"थांब. आधी ह्याला कॅमेऱ्यासमोर धरू."

उद्या माझ्या तिसऱ्या बटणावर उजेड पडेल. पडू दे, तीच माझी लायकी. मागण्या दोनच आहेत. दाबणारा अंगठा तिचा असावा. आणि इतकी वर्षं नीट चालण्यासाठी धडपडलो, पण उद्या सगळ्यांच्या देखत मी एकदा तरी चालू नये.