सुतकातला एपिसोड

"ता बटण लावू नको हां!" गुरुप्रसाद ओट्यावरूनच ओरडला आणि सीताने टीव्हीवरचा हात मागे घेतला.

"लावूक नाय. पुसतंय नुसता," ती म्हणाली. हातात फडकं होतं खरं, पण पुसायला धूळ कुठे होती? सकाळपासून तिसऱ्यांदा पुसत होती बाई.

"भावकीक कळला तर वाडीत तोंड दाखवूक जागा रवाची नाय. लवूचो दहावोसुद्धा होवूक नाय अजून."

"लवूचो! जितो होतो तेव्हा तेच्या ओट्यार पाय ठेवलास कधी? बांधावरच्या एका माडापायी अर्धो जल्म बोलाक नाय एकमेकांशी. आणि मेल्यार सुतक मात्र सख्ख्या भावासारख्या!"

गुरुप्रसाद आत आला, खांबाला टेकून उभा राहिला. भांडायचं त्राण त्याच्यातही नव्हतं. "सुतक काय मी काढलंय? ता रक्ताचा असता. आणि माका काय बघूचा नाय? माझा चेडू नाय ता?"

खिडकीतून बांधापलीकडचं चुलत दिराचं, लवूचं घर दिसत होतं. तिथून इथला टीव्हीचा निळा उजेडही दिसतो आणि आवाजही ऐकू येतो, म्हणजे चोरून लावायची सोय नाही. तारकर्लीत सुतकाच्या घरात टीव्ही लागत नाही, मासे शिजत नाहीत, देवाला दिवा लागत नाही. कोणी लिहून ठेवलेलं नाही, पण कोणी मोडतही नाही.

आणि नेमका आजच अक्षयाचा एपिसोड होता. नशीब म्हणतात ते हेच, दुसरं काय!

अक्षया त्यांची धाकटी लेक. गोव्यात हॉटेलच्या किचनमध्ये लागली आणि तिथून त्या टीव्हीवरच्या स्वयंपाकाच्या स्पर्धेत जाऊन पोचली. आठवडाभर जाहिरात चालली होती म्हणे, की या भागात प्रत्येकाने ज्या माणसाने आपल्याला रांधायला शिकवलं, त्याचा पदार्थ करायचा आणि त्याचं नाव सांगायचं. सुतक पडायच्या आदल्या दिवशी सीताने ती जाहिरात स्वतःच्या डोळ्यांनी पाहिली होती. तेव्हापासून ती एकेक दिवस मोजत होती.

कारण सीताने आयुष्यभर दुसऱ्यांसाठी रांधलं. किनाऱ्यावरच्या लॉजच्या मागच्या खोलीत, धुरात, उभ्याने. पाहुणे ताटाचे फोटो काढायचे, बोटं चाटायचे आणि जाताना मालकिणीला म्हणायचे, वहिनी, तुमच्या हाताला काय चव आहे हो! मालकीण हसून "थँक्यू" म्हणायची. सीता पडद्याआडून ऐकायची आणि पुढची भाकरी थापायची. तिने कधी तक्रार केली नाही. पण आता एकदा, एकदाच, लेकीच्या तोंडून सगळ्या महाराष्ट्रापुढे आपलं नाव यावं, एवढं मात्र तिला हवं होतं. हवं म्हणजे किती हवं, ते तिचं तिलाच माहीत.

अक्षयाचा परवा फोन आला होता. शूटिंग केव्हाच झालं होतं, पण निकाल सांगायला बंदी. "आये, बघ हां. आणि बघून रागावू नको," एवढं म्हणाली आणि तिचा आवाज चिरकला. सीताला वाटलं, हरलं असेल पोर. हरू दे! नाव तर घेतलंच असेल की.

टीव्ही नाही तर फोन. फोनला कसलं सुतक, असं सीताने स्वतःचं स्वतःच ठरवलं. तिने गोव्याला थोरल्या मुलाला, निलेशला फोन लावला. त्याच्याकडे ते अ‍ॅप होतं.

"नंबर टाक, ओटीपी येतलो तो सांगतंय तुका," निलेश म्हणाला. ओटीपी आला, टाकला, तर फोन म्हणतो, या खात्यावर आधीच दोघे बघतायत. निलेशचे खोलीतले मित्र क्रिकेटला बसले होते. त्यांना उठवलं, तर इकडची रेंज गेली. सीता फोन उंच धरून विहिरीपर्यंत गेली, तिथून माडाखाली, तिथून मागे. पडद्यावर नुसतं चाक फिरत राहिलं. घाण्याचा बैल तरी कधीमधी थांबतो, हे मेलं थांबेना.

शेवटी ती घरात आली आणि पिशवी उचलली.

"मालवणाक जातंय. गुडघ्याचा औषध संपला."

गुरुप्रसादने तिच्याकडे पाहिलं नाही. औषधाची बाटली फळीवर भरलेली होती आणि ती दोघांनाही दिसत होती. "जा," तो म्हणाला. "काय कळला तर माका आता सांगू नको. सुतक फिटल्यार सांग."

मालवणात फकरुद्दीनचं मोबाइलचं दुकान होतं. पूर्वी तो केबलवाला. वाडीतल्या घराघरांवर चढून त्याने वायरी ओढल्या होत्या. लोकांनी डिशच्या छत्र्या बसवल्या, मग फोन घेतले आणि त्याचा तो धंदा बसला. आता वाडीतल्या बायकांना कुठली मालिका कुठे दिसते ते सांगणं, हेच त्याचं काम होऊन बसलं होतं.

"टीव्हीर रात्री लागता," त्याने सीताला समजावलं. "पण पैसे भरलेल्यांका अ‍ॅपार दुपारीच दिसता. फुकटवाल्यांका उद्या, जाहिराती खात खात. आमच्या तुबाकडे पैसे भरलेला अ‍ॅप आसा. चल घराक."

सीता पायरीवरच अडली. "सुतक आसा आमका, फकरूभाय."

"तुमका आसा. आमका नाय ना? टीव्ही आमचो, घर आमचा. तू काय लावतंस थोडी? तू नुसती बसतलंस." तो हसला. "ये गो, लाजतंस काय!"

घर दुकानाच्या मागेच होतं. त्याची मुलगी तुबा, कॉलेजात जाणारी, तिने सोफा पुढे केला तरी सीता भिंतीकडे जमिनीवरच टेकली. तुबाने फोनवरून काहीतरी दाबलं आणि भिंतीवरच्या मोठ्या टीव्हीत अक्षया उभी राहिली. एप्रन बांधत होती. केवढी वाळलीय, हे सीताच्या मनात पहिलं आलं.

अक्षयाने बांगडे कापले. तिरफळं ठेचली, ओली मिरची, आंबटाला सोलं. तिखलं, बांगड्यांचं तिखट घट्ट कालवण, करत होती. सीताने पदराचं टोक मुठीत धरलं. तिखलं तर तिच्या हातचं!

परीक्षकाने विचारलं, "कोणाकडून शिकलीस हे?"

"माझ्या लवूकाकाकडून," अक्षया शुद्ध मराठीत म्हणाली. "आमच्या दोन घरांचं बोलणं नाही. पण लहानपणी मी गुपचूप किनाऱ्यावर रापणीला जायची. जाळं ओढून झालं की काका वाळूत चूल मांडायचा. समुद्राचं ओंजळभर पाणी घालून तिखलं करायचा आणि पहिला बांगडा मला द्यायचा. चूल कशी पेटवायची, मासा शिजला ते वासावरून कसं ओळखायचं, सगळं त्याने शिकवलं. घरी सांगू नको म्हणायचा, आई रागावेल."

सीताला एकदम आठवलं. रापण ओढायच्या दिवसांत पोर संध्याकाळी घरी यायची, केसांना धुराचा वास, आणि जेवायला बसली की म्हणायची, भूक नाही. दृष्ट लागली म्हणून सीताने मीठमोहऱ्या ओवाळल्या होत्या तिच्यावरून. आणि तो मेला तिकडे बांगडे भरवत होता!

परीक्षकांनी चाखलं. एकमेकांकडे पाहिलं. "चव आहे, पण मीठ फार झालं गं," त्यांच्यातली बाई म्हणाली. अक्षया स्पर्धेतून बाहेर पडली. जाताना रडली नाही, एवढंच म्हणाली, "मला असंच करायचं होतं."

"जावंदे गो," फकरुद्दीन खालच्या आवाजात म्हणाला. "नाव झाला वाडीचा." तुबाने विचारलं, परत लावू का मावशी? सीताने नको म्हणून मान हलवली आणि गुडघ्यावर हात देऊन उठली.

रिक्षात तिला रडू आलं ते रागाचं होतं. नऊ महिने वाहिलं मी, रांधून वाढलं मी, आणि नाव त्याचं? जिवंत असता तर बांधावर उभी राहून असं काय काय बोलली असती! पण मेलेल्या माणसाशी भांडता येत नाही. तेवढ्यात फोन वाजला. अक्षया.

"आये, बघलंस?"

"बघलंय."

"रागावलंस?"

"व्हय," सीता म्हणाली. खोटं कशाला बोलायचं?

पलीकडून अक्षया रडतच बोलली, "काकाक म्हायतच नव्हता गो, मी तेचा नाव घेतलंय ता. एपिसोड लागात तेव्हा बघीत म्हणान सांगूक नाय मी. आणि तो आदीच गेलो. काकीक तरी कोण सांगतला? तेंचो टीव्ही बंद, तिच्याकडे साधो फोन. आये, माझ्या तोंडचा तिका कोण सांगतला?"

सीताने फोन ठेवला.

वाडीत उतरली तेव्हा गुरुप्रसाद ओट्यावर होता. ती घरात शिरली नाही. बांध ओलांडून सरळ लवूच्या अंगणात गेली.

आत कोपऱ्यात, जिथे लवूला ठेवलं होतं तिथे दिवा जळत होता. बाजूला त्याची बायको राधाबाई भिंतीला डोकं टेकून बसली होती. सीताला पाहून ती उठायला लागली.

"बस गो," सीता म्हणाली आणि तिच्या शेजारी टेकली. "अक्षया टीव्हीर दिसला आज. मिया बघून इलंय, पाप लागात ता माका लागांदे. तुझ्या घोवाचा नाव घेतल्यान तेना."

मग तिने सांगितलं. एप्रन, बांगडे, तिरफळं, वाळूतली चूल, पहिला बांगडा. राधाबाई ऐकत होती की नाही, कळत नव्हतं. मीठ जास्त झालं आणि पोर बाहेर पडलं, हे ऐकलं तेव्हा मात्र तिने मान वर केली.

"खारट म्हणाले?"

"व्हय."

"खारटच करी तो," राधाबाई म्हणाली. "सगळो जल्म मी भांडलंय तेच्याशी मिठापायी. कधी ऐकूक नाय मेलो." आणि तो गेल्यापासून कोरड्या डोळ्यांनी बसलेली ती बाई पदरात तोंड घालून हमसून हमसून रडू लागली. सीताने तिच्या पाठीवर हात ठेवला.

बऱ्याच वेळाने राधाबाईने डोळे पुसले. "परत सांग," ती म्हणाली. "पयल्यापासून."

सीता दमली होती. तरी तिने पाय पसरले आणि एप्रन बांधण्यापासून पुन्हा सुरुवात केली. परीक्षकाने विचारलं तिथे आली, तेव्हा राधाबाईला नीट ऐकू जावं म्हणून जरा मोठ्याने म्हणाली, "माझ्या लवूकाकाकडून."