टबातला कोरा चहा

दारूबंदी खात्यातून निवृत्त झालेले त्र्यंबकराव पहिल्यांदाच अमेरिकेत, शिकागोजवळच्या नेपरव्हिलला लेकाकडे आले होते. बापाच्या माहितीप्रमाणे अनिलची मजल कोकम सरबतापर्यंतच होती. त्यामुळे ते यायच्या आदल्या दिवशी घरातल्या बाटल्या गराजमध्ये, लॉनमोअरच्या मागे राहायला गेल्या.

तिथल्या महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीत अनिलच्या मित्राने, नंदूने, व्हिडिओ कॅमेऱ्यावर केलेली छोटी फिल्म दाखवायची होती. शिकागोतल्या जुन्या दारूबंदीच्या दिवसांतली, मुकी, नुसती धडपड. अनिल पोलीस. त्याने धाड घालायची, बाथटबमधल्या दारूची चव बघायची आणि टबात पडायचं. दारू म्हणजे कोरा चहा.

शाळेच्या हॉलमध्ये टीव्ही लागला. पोलीस घसरला, टोपी उडाली. पहिल्या रांगेत त्र्यंबकराव सगळ्यांत मोठ्याने हसले. "आमच्या खात्यात असेच होते दोघं!"

मग पोलिसाने टबात बुडवून ग्लास भरला, त्यात बोट घातलं, दोन थेंब हवेत उडवले आणि घोट घेतला.

हे नंदूने सांगितलेलं नव्हतं. बोटाने आपणहून केलं होतं. मागच्या रांगेतून पुरुषमंडळींचा आवाज आला, "वा, इन्स्पेक्टर! मुरलेले आहात!"

पोरांना मात्र त्यानंतरचं टबात पडणं पुन्हा हवं होतं. "रिवाइंड! रिवाइंड!" नंदूने टेप मागे नेली, जरा जास्तच मागे. बोट पुन्हा बुडालं.

त्र्यंबकराव हसायचे थांबले होते. "हे थेंब कसले रे?"

"ते... तुम्ही नाही का बाबा, जेवायच्या आधी ताटाभोवती पाणी फिरवून चित्राहुती घालता? तसंच."

"दारूला?"

"चहा होता, बाबा."

अनिलच्या आठ वर्षांच्या मुलीला, उत्तराला, वाटलं, आजोबांचा डॅडीवर विश्वास बसत नाहीये. ती मदतीला धावली. "इट्स ट्रू, आजोबा! डॅडी डज इट एव्हरी फ्रायडे!"

"चला, पानं वाढलीयत," अनिलची बायको सुलेखा घाईघाईने म्हणाली.

पानं म्हणजे कागदी प्लेटी. त्र्यंबकराव बाकावर बसले. नेहमीच्या सवयीने हात पाण्याच्या ग्लासाकडे गेला, बोटं ओली झाली आणि तिथेच थांबली. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. मग खिशातून रुमाल काढून बोटं कोरडी केली आणि तसेच जेवायला लागले.

"मसालेभात छान झालाय हो, सूनबाई."

"आजोबा, यू फरगॉट द वॉटर," उत्तराने आठवण करून दिली.

अनिल प्लेटीतला भात एका कडेचा दुसऱ्या कडेला सारत राहिला.