शून्यावर ठेवलेला आवाज

मित्रांनो, मला दोन कान आणि एक तोंड आहे, पण त्यांतले काहीच माझ्या मालकीचे नाही. माझे कान दुसऱ्याच्या डोक्यावर बसतात आणि माझ्या तोंडाने दुसरेच कुणी बोलते. संगणकावर खेळताना लावतात तसला मी एक जुना हेडसेट आहे. डाव्या कानापासून ओठांपर्यंत येणारी वाकडी दांडी, तिच्या टोकाला स्पंजची टोपी आणि त्या टोपीत लपलेला माइक, हे माझे रूप.

माझा जन्म एका लांबलचक टेबलावर झाला. एका बाईने माझ्या कानांना गाद्या चिकटवल्या, दुसरीने तारांना कथलाचा डाग देऊन त्या जोडल्या, आणि सर्दीने बेजार झालेल्या एका माणसाने माझ्या तोंडाशी तोंड आणून "एक, दोन, तीन" म्हटले. समोरच्याने अंगठा दाखवला. तेवढ्यावर मी पास झालो आणि खोक्यात गेलो.

मला घरी आणले ते एका मुलीच्या मामाने, तिच्या वाढदिवसाला. मुलीला घरात ठकू म्हणत. घरात दोघीच, ठकू आणि तिची आई. आई यंत्रमागाच्या कारखान्यात कामाला होती. तिथे एका छपराखाली इतके माग एकदम धडधडत की शेजारच्या बाईशी बोलायचे तर ओठ बघून, नाहीतर नरडे ताणून. वर्षानुवर्षे तसेच बोलून आईचा आवाज चढा झाला होता आणि कान मंद. घरात ती 'मीठ दे' असे म्हणाली तरी जिन्यातून जाणारा माणूस थबकायचा.

पहिल्या दिवशी ठकूने मला डोक्यावर चढवले आणि खेळात शिरली, तेव्हा पलीकडून तक्रार आली, "अगं, वादळ आलंय का तुझ्याकडे?" ते वादळ म्हणजे तिचा श्वास होता. दांडी अगदी तिच्या नाकासमोर होती. मग तिने मला नीट समजून घेतले. दांडी ओठांच्या कोपऱ्याशी वळवली. पडद्यावर माझ्या आवाजाची एक पट्टी होती. बोलले की ती हिरवी व्हायची, जरा चढले की पिवळी, आणि फारच झाले की लाल. ठकूने ती अशी बसवली की तिचे बोलणे हिरव्यात राहील. पंख्याची घरघर माझ्यातून जाऊ नये याचीही सोय केली. अमुक एका रेषेच्या वर आवाज गेला तरच मी तोंड उघडायचे, नाहीतर गप्प बसायचे. पंखा गप्प झाला. आई मात्र कुठल्याच रेषेला जुमानत नव्हती. स्वयंपाकघरातून "ठकू, पान वाढलंय" असा आवाज आला की माझी पट्टी लालबुंद व्हायची, आणि कुठल्या कुठल्या गावांत बसलेली पोरे म्हणायची, "जा बाई जेवायला, आम्हालाही भूक लागली."

ते माझे भाग्याचे दिवस होते. "तुझा आवाज किती स्वच्छ येतो," असे कुणी म्हटले की कौतुक ठकूचे व्हायचे आणि मी आतल्या आत फुगायचो.

त्याच काळात मला एक गोष्ट कळली. तुम्हालाही ती माहीत असेल. खेळात प्रत्येकाच्या नावापुढे एक छोटी पट्टी असते. ती खाली ओढली की त्या माणसाचा आवाज आपल्यापुरता कमी होतो, आणि शेवटपर्यंत ओढली की बंद. त्याला मात्र ते दिसत नाही. एक मुलगा सतत तोंडाने ढोल वाजवायचा. ठकूने त्याला शून्यावर नेऊन ठेवले. त्याच्या नावाशेजारचा दिवा लुकलुकत राहिला. बिचारा वाजवतच होता.

मग ठकू मोठी झाली. दातांच्या कवळ्या बनवायचे शिक्षण घ्यायला ती दूरच्या शहरात गेली. तिथे तिने नवा हेडसेट घेतला आणि मी घरीच राहिलो. जाण्याआधी तिने आईला जुन्या संगणकासमोर बसवून मला तिच्या डोक्यावर ठेवले. अंबाडा मध्ये येत होता, तेव्हा आईने तो सोडून वेणी घातली.

"फोनवर तू दोन मिनिटांत 'बरं, ठेवते' म्हणतेस," ठकू म्हणाली. "खेळात ये. रविवारी दुपारी मी, माझी खोलीतली मैत्रीण आणि आमच्या वर्गातला लंबू खेळतो. होडीचा खेळ आहे, चौघं लागतात."

"मला कुठं जमतंय गं?"

"तुला फक्त डोलकाठीवर उभं राहायचं आणि खडक दिसला की सांगायचं. ते तर तुला जमेलच."

आईला ते जमले. खरे सांगू, आईइतके मन लावून मला कुणीच वापरले नाही. कारखान्यातला सुताचा भुगा तिच्या केसांतून माझ्या टोपीवर पडायचा, तो ती दात घासायच्या जुन्या ब्रशने झाडायची. रविवारी जेवण लवकर उरकून, तोंड धुऊन, जणू कुणाकडे पाहुणी म्हणून जायचे आहे अशी ती खुर्चीत बसायची. मग चौघांची होडी निघायची. लंबू सुकाणूवर, ठकू शिडाशी, मैत्रीण आत आलेले पाणी उपसायला, आणि वर डोलकाठीवर आई.

"उजवीकडे खडक आहे गं," ती सांगायची, आणि माझी पट्टी लाल व्हायची.

दोन-तीन रविवार गमतीत गेले. पुढे मला पलीकडून लंबूचा आवाज आला, "ठकू, तुझ्या आईमुळे माझे कान वाजतात."

"आई, जरा हळू बोल ना," ठकू म्हणाली.

आईने हळू बोलायचा प्रयत्न केला. पण मंद कानाच्या माणसाला आपला आवाज किती आहे ते कळत नाही. चार शब्द हळू जायचे आणि पाचवा पुन्हा मागाच्या धडधडीवर मात करायला निघायचा. माझी पट्टीही तिने कधी हलवली नाही, कारण ती हलवता येते हेच तिला कुणी शिकवले नव्हते. ठकूने पुन्हा सांगितले, मग चिडून सांगितले, आणि एका रविवारपासून सांगायचे बंद केले.

आईला वाटले, आपण सुधारलो. "बघ, आता नाही ना कुणाची तक्रार?" तिने विचारले. उत्तर आले, "हो आई."

पण मित्रांनो, मी तिथे होतो. माझी पट्टी पूर्वीसारखीच लाल होत होती. पलीकडे तिन्ही पोरांनी आपापल्या पडद्यावर आईच्या नावाची पट्टी खाली ओढली असणार. मला ही शंका आली, पण ज्याच्या तोंडाने दुसरे बोलतात त्याने स्वतःचे काय सांगावे?

एकदा होडी धुक्यात शिरली. आईला डावीकडे खडक दिसला. "डावीकडे आहे," ती म्हणाली. होडी वळली नाही. "अरे, डावीकडे खडक आहे, लंबू, वळव." होडी सरळ जाऊन आपटली आणि फुटली. तिघे पोट धरून हसले. "कुणाला दिसलाच नाही," मैत्रीण म्हणाली. आईने डोळे मिचकावून पडद्याकडे पाहिले. "मी सांगत होते की," ती म्हणाली. तिच्या नावाशेजारी दिवा लागला असावा, कारण ठकूचा आवाज आला, "हो आई."

त्यानंतर आई खेळात कमी बोलू लागली. यायची मात्र न चुकता. पोरांच्या गप्पा ऐकत डोलकाठीवर उभी राहायची. कवळीचा साचा तडकला, मेसच्या भातात खडा निघाला, सगळे ऐकायची. मध्येच एखादे वाक्य बोलायची, आणि ते कुठे पडले ते शोधत असल्यासारखी थांबायची.

कारखान्यात तेव्हा कुजबुज चालू होती. नवे, आपोआप चालणारे माग येणार आणि जुने भंगारात जाणार. एका शनिवारी मुकादमाने बायकांना बोलावून ते सांगून टाकले. आईने ते शेजारणीला सांगितले नाही, मागच्या गल्लीत राहणाऱ्या आपल्या बहिणीलाही सांगितले नाही. रविवारची वाट बघितली.

रविवारी होडी शांत पाण्यात होती. आईने माझी दांडी तोंडाजवळ ओढली आणि कधी नव्हे ते हळू बोलली.

"ठकू, आमचं मागांचं खातं बंद होतंय. या महिन्यापुरतंच काम आहे. पुढं काय करावं सुचत नाही बघ."

त्याच क्षणी लंबू होडीतून पाण्यात पडला असणार. कारण माझ्या दोन्ही कानांत ठकूचे हसू आले, अगदी खळखळून, पोटातून. मग ते जरा ओसरले आणि ती म्हणाली, "हो आई."

 मला आईच्या कानांची गरमी जाणवत होती. मग तिने मला काढले, टेबलावर उपडे ठेवले आणि भांडी घासायला गेली. माझ्यातून ठकूचा बारीक आवाज टेबलाच्या फळीला सांगत होता, "आई, खडक दिसला तर सांग हं."

पुढच्या रविवारी आई बसली नाही. फोन ती नेहमी स्पीकरवर लावायची, त्यामुळे मला बोलणे कळायचे. "डोळे चुरचुरतात," ती म्हणाली. त्याच्या पुढच्या रविवारी पाहुणे होते. पाहुणे कुणी नव्हते. ठकूलाही परीक्षा होती, तिने फारसे ताणले नाही. आई संध्याकाळी दिवा न लावता खिडकीशी बसायची. मागांची धडधड अंगात भिनलेल्या माणसाला शांतता खायला उठते. मी आणि ती, दोघे एकाच खोलीत एकटे होतो.

महिना संपला, माग ट्रकांत चढले, आणि मावशीकडून ठकूला बातमी लागली. फोन आला.

"आई, एवढी मोठी गोष्ट, आणि मला सांगितली नाहीस?"

"सांगितली होती."

"कधी?"

"होडीत. तू हसलीस."

पलीकडून "मी येते" एवढेच आले आणि फोन बंद झाला. दुसऱ्या दिवशी ठकू दारात उभी होती, पिशवी खांद्यावर तशीच.

"मी तुझा आवाज कमी केला होता," ती चपला न काढताच म्हणाली.

"कमी म्हणजे किती?"

"पूर्ण." ती खाली बसली. "मागच्या परीक्षेच्या दिवसांत डोकं ठणकायचं. म्हटलं, एवढ्या आठवड्यापुरतं. मग परत वर घ्यायचं राहूनच गेलं. तुझ्या नावापुढे दिवा लागला की मी हो म्हणायचे."

आई रागावली नाही. रागावली असती तर बरे झाले असते. तिने एवढेच विचारले, "मग मी काय काय बोलले, त्यातलं काहीच नाही आलं?"

ठकूने नाही अशी मान हलवली. आई आठवू लागली आणि थांबली. इतके सगळे पुन्हा कसे सांगणार?

संध्याकाळी ठकूने मला आईच्या डोक्यावर ठेवले. खेळात एक सोय असते, आपण बोललेले आपल्यालाच ऐकवायची. ती तिने चालू केली. "बोल काहीतरी."

"काय बोलू?" आई म्हणाली, आणि पुढच्याच क्षणी तेच तिच्या कानांवर येऊन आदळले. ती दचकली. पुन्हा बोलली, पुन्हा ऐकले.

"मी अशी बोलते?"

"तसंच काही नाही गं."

"मग तुझ्याशी जन्मभर भांडतच आले की मी. लाडानं हाक मारली तरी अशीच मारली असणार."

"मला ती हाक कळायची, आई."

"तुला कळायची. बाकीच्यांना काय वाटत असेल?"

त्या दिवशी ठकूने तिला माझी पट्टी खाली घ्यायला शिकवली, दांडी हनुवटीशी कशी ठेवायची ते दाखवले. दोघींनी हिरव्या रंगात बसेल असा आवाज जमवला. हे काम दहा मिनिटांचे होते. पहिल्याच रविवारी ते झाले असते, तर?

आई पुन्हा खेळू लागली. तिला इस्पितळाच्या धुलाईखान्यात चादरींच्या घड्या घालायचे काम मिळाले. तिथे बोलायची फारशी गरज नसते. पण तिचा आवाज आता बदलला होता. स्वतःचे बोलणे ऐकल्यापासून ती जपून, दबकून बोलायची. माझी पट्टी हिरव्याच्या सुरुवातीलाच रेंगाळायची.

"आई, मोठ्यानं बोल. ऐकू येत नाही," ठकू म्हणायची.

"नको, हेच बरं आहे."

ठकू आपल्याकडची पट्टी वर, पार टोकापर्यंत न्यायची. पण मित्रांनो, दबलेला आवाज वाढवला की नुसता आवाज वाढत नाही. त्याबरोबर पंख्याची घरघर वाढते, खुर्चीची करकर वाढते, मधली शांतताही वाढते. ठकूला आईच्या बोलण्यापेक्षा आईची रिकामी खोलीच जास्त ऐकू यायची.

पुढे आईच्या कानांना यंत्र बसवले. त्यावर मला चढवले की शीळ वाजते, म्हणून माझी सुट्टी झाली. आता मायलेकी फोनवर बोलतात, पूर्वीपेक्षा जास्त वेळ. मी खिळ्याला टांगलेला आहे. गाद्यांचे कातडे पापडासारखे सुटले आहे आणि टोपीत अजून थोडे सूत अडकलेले आहे.

मित्रांनो, तुमच्याकडे माझा कुणी भाऊबंद असेल, तर त्याची तार पिळून ठेवू नका, टोपी झाडत जा. आणि कुणाचा आवाज फार मोठा वाटला, तर पट्टीला हात लावण्याआधी त्याला तसे सांगा, त्याच्याजवळ बसा, त्याची पट्टी त्याला दाखवा. तरीही ऐकवत नसेल, तर बंद करा; तो तुमचा हक्क आहे. मात्र बंद केले आहे एवढे त्याला कळू द्या. तो रुसेल, भांडेल, उठून जाईल. पण ज्या खोलीत कुणीच नाही, तिथे तो आपल्या जिवाची गोष्ट सांगत बसणार नाही.